गुळाआधीची परात

मी लिहायला बसलोय यासाठी आधीच माफी मागतो. आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजात गेलं नाही. लिहिणं हे दुसऱ्या कुणाचं तरी काम, आपण परीक्षेत उत्तरं लिहावीत, पास व्हावं, एवढंच मला आजवर वाटत आलंय. घरी आम्ही बंजारा तांड्याची बोली बोलतो. मराठी मला शाळेत भेटली, आणि अजूनही घराबाहेर पडताना शर्टाच्या गुंड्या बघाव्यात तसं मी एकेक वाक्य दोनदा बघतो. कुठं चुकलं तर सांभाळून घ्या. पण ही गोष्ट मी तोंडानं सांगायला गेलो की लोक हसतात. ब्रेड म्हणलं की हसतात, परात म्हणलं की अजून हसतात, आणि मला पुढचं सांगताच येत नाही. मला मात्र अजून राग आहे. निदान कागदावर तरी मला कुणी मध्ये थांबवणार नाही.

माझी बहीण माझ्याहून लहान. बारावी झाल्यापासून तिच्या डोक्यात एकच होतं, नर्सिंगचा कोर्स. घरात त्यावरून भांडण झालं असतं तर बरं झालं असतं. भांडण झालंच नाही. सगळे "बघू" म्हणाले. आमच्याकडं मुलीला कुणी नाही म्हणत नाही, बघू म्हणतात, आणि बघता बघता स्थळ येतं. तसं आलं. तासाभरावरच्या एका तांड्यातलं. मुलगा हिंगोलीच्या मार्केट यार्डात एका हळदीच्या आडतीवर कामाला. बघायच्या दिवशी दोघांना ओसरीवर थोडं बोलू दिलं, तेव्हा बहिणीनं बाकी काही न विचारता सरळ कोर्सचंच विचारलं. तो म्हणाला, "कर की. मी काहून अडवू?"

त्याच दिवशी तिचा मला फोन आला. भावाला आमच्यात भिया म्हणतात. "भिया, इतक्या जणांना विचारलं. 'कर' म्हणणारा हा पहिलाच माणूस."

तिला ही सोयरीक हवी होती. चालत होती असं नाही, हवी होती. हे मी मुद्दाम लिहून ठेवतो, कारण पुढं जे झालं त्यात सगळे बाकीचंच बोलले, तिला काय पाहिजे ते कुणीच बोललं नाही.

आमच्यात सोयरीक पक्की होते ती गुळानं. दोन्ही तांड्यांचे नायक, म्हणजे तांड्याचे प्रमुख, आणि चार शहाणी माणसं समोरासमोर बसतात, बोलणं होतं, आणि मग सगळ्यांनी गूळ खायचा. गूळ खाल्ला की शब्द फिरत नाही. गुळाआधी मात्र मुलीकडचं कसलंही गोड पाहुण्यांनी तोंडात घालायचं नाही. घातलं तर शब्द दिल्यासारखं होतं. आणि गुळाच्या दिवशी, गूळ होईपर्यंत मुलीनं आतच बसायचं. हे मला लहानपणापासून माहीत होतं. माहीत असून त्यातून काय होईल हे मला दिसलं नाही.

मी हिंगोलीत खोली करून राहतो. वर्गातल्या एका दोस्ताचं घर माझ्या खोलीच्या मागच्या गल्लीत आहे. त्याच्या आईला मी खाला म्हणतो. ईदला, लग्नात त्यांच्याकडं डबल का मीठा होतो. ब्रेडचे तुकडे तुपात लालसर तळायचे, इलायचीच्या पाकात बुडवायचे, वर आटवलेलं दूध आणि खवा, आणि झाकण ठेवून मंद आगीवर मुरू द्यायचं. पहिल्यांदा खाल्लं तेव्हा मला ते ब्रेडचं आहे हे खरंच वाटलं नव्हतं. वरून मऊ, खाली पाकानं जड झालेलं, आणि कडेला जरासं करपलेलं, ते तर सगळ्यात चांगलं. बहिणीच्या गुळाला गावजेवण ठरलं तेव्हा मी म्हणलं, गोड मी करणार. दर वेळी बुंदी असते. मी अजून कमावत नाही, बहिणीसाठी हातानं काहीतरी करावं असं वाटलं. एवढंच होतं. यात वाईट काय होतं ते मला अजून कुणी सांगितलेलं नाही.

खालानं मला सगळं नीट समजावलं. "ताजा ब्रेड नक्को रे. एक दिन पुराना ले. ताजा घी पीता." म्हणून मी आदल्या दिवशीच ब्रेड घेतला. दोन पोती भरली. पोती हलकी, पण एवढी फुगलेली की एसटीत चढताना कंडक्टर म्हणाला, "काय रे, दवाखाना टाकून राहिला का?"

सगळी बस हसली. मीही हसलो. त्यातलं खरं मला तेव्हा कळलं नाही.

तांड्यावर ब्रेड कधी येतो? कुणी आजारी पडलं की. सलाईन लावून घरी आणलं की ब्रेड. ताप, कावीळ, ऑपरेशन, बाळंतपण बिघडलं, की ब्रेड आणि चहा. कुणाच्या घरून ब्रेडचा कागद उडत आला तर शेजारचे विचारतात, "कोण पडलंय?" एका पुड्याला एक आजारी माणूस, असा हिशेब. मी दोन पोती घेऊन नरसीच्या पुढच्या फाट्यावर उतरलो. तिथं चहाच्या टपरीवर एक म्हातारबाबा बसलेले. मुलाकडच्या तांड्यातले, मुलाचे चुलत आजोबा. त्यांनी पोत्यांकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं, हातातली बशी खाली ठेवली.

"कोण पडलंय रे पोरा?"

"कोणीच न्हाई बाबा. गोड करायचंय उद्या. पाव्हण्यांसाठी."

"याचं?"

"व्हय, ब्रेडचं. लई चांगलं होतंय."

त्यांनी मान हलवली. माझ्या खांद्यावर हात ठेवला. म्हणाले, "काळजी करू नको. देव हाय." आणि मला चहा पाजला. मला वाटलं, किती चांगला माणूस. मी तांड्याची वाट धरली आणि वळून बघितलं, तर ते फोन काढून कुणाला तरी जोरजोरात सांगत होते.

मी खरं बोललो होतो. सगळ्यात जास्त राग मला याचाच येतो. मी काही लपवलं नव्हतं. एक साधं खरं वाक्य मी बोललो, आणि ऐकणाऱ्यानं ठरवलं की पोरगं लपवतंय.

संध्याकाळी आमच्याच तांड्यातल्या दोन बायका दुधाचा तांब्या घेऊन आल्या. आमच्या बोलीत झालेलं बोलणं मी इथं मराठीत लिहितोय.

"कसं हाय आता?" त्यांनी माझ्या आईला विचारलं. आईला आम्ही याडी म्हणतो.

"काय कसं हाय?"

"अगं, दोन पोती ब्रेड आला म्हणे. एवढा कोण खातंय?"

याडीनं दूध ठेवून घेतलं. म्हणाली, "माझं पोरगं खातंय. कॉलेजात त्याला हेच शिकवलं." मग माझ्याकडं वळून म्हणाली, "मी म्हणलं नव्हतं? पाव्हण्यांना आजाऱ्याचं खायला घालून राहिला तू." तरी त्या दुधाचा तिनं खवा घोटायला घेतला.

सकाळी तळायला बसलो. मोठं भांडं पाहिजे होतं. घरी हळद उकडायची कढई होती, पण तिच्यात गोड केलं असतं तर वासानंच गेलं असतं. नायकाच्या घरून लग्नातली कढई आणली. शेजारच्या काकू तिरके तुकडे करत होत्या, मी तळत होतो, बहीण आतून पाक बघून सांगत होती, "एक तार झाली, उतरव, उतरव, जळंल." बा, म्हणजे माझे वडील, दाराशी उभं राहून बघत होते. पहिला तुकडा पाकातून काढून मी त्यांना दिला. त्यांनी तो उभ्याउभ्याच खाल्ला. मग म्हणाले, "अजून एक दे." त्या सकाळी मी जेवढा खूष होतो तेवढा बारावी पास झालो तेव्हापण नव्हतो. दोन मोठ्या पराती भरल्या, वर दूध ओतलं, काजू टाकले, ताट झाकून विस्तवावर ठेवल्या. वास सगळ्या तांड्यावर गेला.

पाहुणे दुपारी आले. दोन जीप आणि मोटरसायकली. बायका उतरल्या, आणि त्यातल्या पुढच्या म्हातारीच्या हातात बिस्किटांचे दोन पुडे आणि एक ब्रेड होता. गुळाला येताना कुणी ब्रेड आणतं का? ती मुलाची आजी. तिनं तो ब्रेड याडीच्या हातात दिला आणि अशा आवाजात विचारलं की जणू शेजारच्या खोलीत कुणी शेवटच्या घटका मोजतंय, "जेवण जातंय का?"

"कोणाला?" याडी म्हणाली.

म्हातारीनं पदरानं डोळे पुसले.

मांडवात बसल्यावर तेच. बांना विचारलं, "तब्येत?" बा म्हणाले, "मस्त." मला विचारलं, "तुझी?" मी म्हणलं, "बरी हाय." याडी स्वतः पाणी घेऊन फिरत होती, तिच्याकडं बघून तिला विचारायचं कारणच नव्हतं. मला वाटलं संपलं. पण मी माणसांचं डोकं ओळखलं नाही. घरातली सगळी माणसं धडधाकट समोर फिरतायत, ब्रेड तर दोन पोती आलाय, मग समोर कोण नाही? आत बसलेली मुलगी. ती रीतीप्रमाणं आत बसली होती. त्यांच्याच रीतीप्रमाणं. आणि त्यावरूनच त्यांनी ताडलं की आजारी असेल तर तीच.

त्यांचा नायक खाकरला. "गुळाच्या आधी एक बोलून घेऊ. बिमारी कोणाला हाय ते सांगून टाका. आमची तकरार न्हाई. पण लपवू नका."

मी उठलो. मला चारचौघांत बोलता येत नाही, वर्गातही मी हात वर करत नाही. तरी बोललो. "नायक, बिमारी कोणालाच न्हाई. ब्रेड मी आणला. त्याचं गोड केलंय. थांबा, आणतो."

मी आणि काकूंनी मिळून एक परात मधोमध आणून ठेवली. झाकण काढलं. वाफ वर गेली. मागची पोरं उठून उभी राहिली.

"हे बघा," मी म्हणलं. "एक घास खाऊन बघा. मग कळंल."

सगळे परातीकडं बघत होते. म्हातारबाबा, तेच फाट्यावरचे, पुढं वाकून वास घेऊन आले आणि परत जागेवर बसले. कुणी हात पुढं केला नाही.

"खा की बाबा."

"गूळ झाल्याबिगर?" त्यांचा नायक म्हणाला. "मुलीकडचं गोड खाल्लं म्हणजे शब्द दिला. असा कसा खाऊ?"

"मग गूळ खा."

"बिमारी कळल्याबिगर गूळ कसा खाऊ?"

"बिमारी न्हाईच. हेच तर दाखवून राहिलो ना मी. खाऊन बघा."

"गुळाआधी?"

मी सांगतो, मी तीन वेळा हे त्यांना वेगवेगळ्या शब्दांत समजावलं. गोड खाल्ल्याशिवाय खरं कळणार नाही, खरं कळल्याशिवाय गूळ नाही, गुळाशिवाय गोड नाही. एकाही माणसाला यात काही चुकतंय असं वाटलं नाही. आमच्या नायकालाही नाही. तेही म्हणाले, "बराबर हाय त्यांचं." मागून कुणीतरी म्हणालं, "कॉलेजात जाऊन आचारी झालं पोरगं," आणि सगळे हसले. गोडावर माश्या यायला लागल्या. मी टॉवेलनं वारा घालत उभा होतो.

मग त्यांच्या बायका म्हणाल्या, पोरीला बाहेर आणा.

आणली. माझी बहीण, जी रोज विहिरीवरून दोन हंडे एका दमात आणते, जी बारावीला सायकलनं शाळेत गेली, तिला उजेडात उभं केलं. एका बाईनं तिची खालची पापणी ओढून बघितली. दुसरीनं नखं दाबून बघितली. आजीनं आपली बोटं तिच्या मुठीत देऊन पकड केवढीय ते बघितलं. कुणी तिला एक शब्द विचारला नाही. बैलाचे दात बघताना तरी लोक धन्याशी बोलतात. मी बांकडं बघितलं. बा जमिनीकडं बघत होते.

"डोळे जरा पिवळे दिसून राहिलेत," पापणीवाली म्हणाली.

"उभ्या तांड्यात हळद उकडून राहिलोय आमी," याडी म्हणाली. "पिवळं दिसणार न्हाई तर काय हिरवं दिसंल?"

त्यांच्या नायकानं तोड काढली. हिंगोलीला नेऊन पोरीचं रक्त तपासून घ्या. कागद दाखवा. मग गूळ. आणि बा, माझे बा, ज्यांनी तो तुकडा खाऊन अजून एक मागितला होता, हळूच म्हणाले, "घेऊ. तपासून घेऊ."

बहीण बोलली. तिचा आवाज चढला नाही.

"घ्या की रक्त. पण त्यांच्या पोराचंबी घ्या. एकाच दिवशी, एकाच ठिकाणी. सुया मात्र दोन वापरा."

मांडवातले सगळे एकदम बोलायला लागले. मुलाचं रक्त? मुलाचं कशाला? मुलाला काय झालंय? मुलगा मागं मोटरसायकलीपाशी उभा होता. त्यानं ऐकलं होतं, मी बघितलं. मी त्याच्यावर तेव्हा फार चिडलो. तिथं तो एकटाच असा होता ज्याच्या बोलण्यावर ती सोयरीक उभी होती, आणि तो गाडीच्या आरशात बघत होता.

पाहुणे उठले. "कळवतो," म्हणाले. आमच्याकडं 'बघू' आणि 'कळवतो' हे सख्खे भाऊ आहेत. त्यांनी परात ओलांडून जाताना सांभाळून पाय टाकले, एवढं खरं.

जीप गेल्या. तांड्यातली माणसं तशीच बसून होती. याडीनं पळी घेतली. "अन्नावर राग काढायचा न्हाई," म्हणाली आणि वाढायला लागली. आणि सगळ्यांनी खाल्लं. बोटं चाटून खाल्लं. दुसरी परातही संपली. ज्यांनी मघाशी "बराबर हाय त्यांचं" म्हणलं, ते आमचे नायक दोनदा मागून घेऊन म्हणाले, "पोरा, माझ्या नातवाच्या लग्नात हेच करू." मी पळी भांड्यात आपटली आणि विहिरीकडं निघून गेलो. बहीण आत होती. तिनं खाल्लं नाही. मी बोलायला गेलो तर म्हणाली, "चांगलं झालं होतं, भिया. वासावरून कळलं." मला तिच्यासमोर उभं राहता येईना.

मी हिंगोलीला परत आलो. खालानं विचारलं, "कैसा बना रे मीठा? सब लोग खाए क्या?" मी म्हणलं, "खाए, खाला. सब खतम हुआ." हे खोटं नव्हतं.

परीक्षा जवळ आली होती. पुस्तक उघडलं की मला ती पापणी ओढणारी बोटं दिसायची. घरी फोन केला की याडी म्हणायची, "काई कळवलं न्हाई अजून. तू अभ्यास कर." एकदा मी मार्केट यार्डाच्या गेटपर्यंत गेलो. हळदीची पोती उतरत होती, हवेत पिवळी धूळ होती, आणि तो आत काट्यापाशी उभा दिसला. त्याला जाऊन काय म्हणणार होतो? माझ्या बहिणीला तू पाहिजे होतास? हे मी कसं म्हणणार? की रक्त दे? मी गेटवरूनच परत आलो. रस्ताभर मनातल्या मनात त्याला शिव्या दिल्या, त्याच्या नायकाला दिल्या, त्या म्हातारबाबाला आणि त्यानं पाजलेल्या चहालाही दिल्या. घरी आपल्याच बापाला देता येत नाहीत म्हणून उरलेल्या स्वतःला दिल्या.

शेवटचा पेपर देऊन मी बाहेर आलो तेव्हा बहिणीचा फोन आला.

"भिया, गूळ झाला."

"कोणाचा?"

"माझा. कोणाचा म्हणजे? आठवडा झाला आता."

मी रस्त्यातच उभा राहिलो. "आठवडा? आन मला आज सांगून राहिली?"

"बा म्हणले, त्याचे पेपर हायेत. आन..." ती हसायला लागली. पुष्कळ दिवसांनी हसली. "आन म्हणले, त्याला कळलं तर आणखी दोन पोती घेऊन येईल."

मला राग आला. खोटं कशाला सांगू, डोळ्यांत पाणीही आलं, पण राग आधी आला. मी विचारलं, झालं कसं. ती सांगत गेली. मुलगा त्या दिवसानंतर कुणाशी न बोलता हिंगोलीतल्या एका लॅबमध्ये गेला आणि स्वतःचं रक्त देऊन आला. मग घरी जाऊन नायकासमोर म्हणाला, "माझं झालं. आता पोरीचं मागायचं असंल तर तुमी मागा, मी त्या तांड्यावर तोंड दाखवणार न्हाई." पाचव्या दिवशी ते लोक स्वतःच गूळ घेऊन आले. बहिणीचं रक्त कुणी मागितलं नाही.

"मग मी बाहेर आले," ती म्हणाली. "बोलवायच्या आधीच आले. म्हणलं, गुळाआधी एक बोलून घेऊ."

"तू म्हणलीस?"

"व्हय. त्यांच्या नायकाचेच शब्द. म्हणलं, कोर्सचं सगळ्यांसमोर बोला, मग गूळ. त्यांचा नायक बांकडं बघून राहिला, बा माझ्याकडं. मग बाच म्हणले, 'पोरगी शिकंल. हे माझंबी म्हणणं हाय.' मग त्यांच्या नायकालाबी म्हणावं लागलं."

माझ्या मागं परीक्षेची पोरं ओरडत चालली होती. मला नीट ऐकू यावं म्हणून मी भिंतीला टेकून दुसरा कान झाकला.

"जूनमध्ये जायचं," ती म्हणाली. "मुलींचं होस्टेल कुठं हाय ते बघून ठेव."